कल्ल्यातली दोन बोटं

माणसाच्या आयुष्यात सत्याचा क्षण एकदाच येतो, आणि तो ओळखण्याची ताकद ज्याच्या अंगी असते तोच खऱ्या अर्थानं शिकलेला म्हणायचा. माझ्या वाट्याला तो आला तेव्हा माझी दोन बोटं बांगड्याच्या कल्ल्यात होती. साल दोन हजार, रविवार होता. ऊन अजून कंपाउंडच्या भिंतीवरून आत उतरलं नव्हतं आणि फाटकाच्या आतल्या बाजूला, बदामाच्या झाडाखाली, पाण्याच्या नळाला पाठ लावून अनसूया बसली होती. पाटीवरचा ओला गोणपाट तिनं नुकताच काढला होता. मी पहिला होतो. पहिला असणं हे माझं काम होतं. पगारी नव्हतं, पण विम्याच्या हपिसात इतकी वर्षं जे करतोय त्यापेक्षा मानाचं होतं. अनसूयाची भवानी माझ्या हातानं व्हायची. आम्ही परळची खोली सोडून इथे भाइंदरजवळ सिल्व्हर पार्क वसाहतीत राहायला आलो त्या दिवसांत केव्हातरी मी पहिलं गिऱ्हाईक म्हणून तिच्याकडून बांगडे घेतले आणि तिची पाटी बघता बघता रिकामी झाली. तेवढ्या एका पुराव्यावर तिनं माझा हात चांगला ठरवला. याहून कमी पुराव्यावर मोठमोठे सिद्धांत उभे राहिलेले मी पाहिलेत. तेव्हापासून रविवारी मी खाली उतरेपर्यंत ती कुणाला शेपूटसुद्धा विकत नसे. सोसायटीचे चेअरमन बबनराव पिशवी घेऊन उभे असत, बी विंगमधली माणसं उभी असत, आणि मी दाढी करून, चहा पिऊन, सावकाश जिना उतरून येई. मग मी कल्ला उघडून आतला लाल रंग बघायचा, पोट दाबायचं, भाव करायचा नाही, नोट द्यायची. ती नोट कपाळाला लावायची आणि बबनरावांकडे वळून म्हणायची, हां, आता तुमी बोला. चेअरमनला ताटकळत ठेवण्याचा अधिकार मला आयुष्यात याच एका ठिकाणी मिळाला होता, आणि तो मी एकाही रविवारी वाया घालवला नव्हता.

त्या दिवशी बांगडे मोठे होते. खरंच मोठे, तळहातावर न मावणारे, पाठीवर हिरवी-निळी झाक असलेले. मी एकाचा कल्ला उघडला आणि मागून कौस्तुभ म्हणाला, "काका, जरा थांबा. हा जीनवाला मासा वाटतोय." कौस्तुभ आमच्याच मजल्यावरचा. दादरहून आलेला, तिशीतला, कंप्युटरच्या कंपनीत. जिन्यात भेटला की मारुती घेऊ की दुसरी कुठली, असं मला विचारायचा. मला सायकलसुद्धा येत नाही हे त्याला ठाऊक होतं, पण मोठ्यांचा सल्ला घ्यावा असं त्याच्यावर संस्कार होते. त्याच्या काखेत सकाळचा पेपर होता. त्यातल्या रविवारच्या पुरवणीत तो लेख मीही वाचला होता. परदेशातल्या कुठल्यातरी प्रयोगशाळेत एका माशाचं वाढीचं जनुक काढून दुसऱ्या माशात बसवलं, आणि ते बारमाही चालू राहावं म्हणून बर्फाळ समुद्रातल्या तिसऱ्याच एका माशाकडून त्याचं बटण उसनं आणलं. मासा दुप्पट वेगानं वाढतो. शेजारी दोन माशांचा फोटो होता, एकाच वयाचे भाऊ, एक आपल्या भावाच्या खांद्यालाही लागत नव्हता. माशाला खांदा असता तर. खाली प्रश्न विचारला होता: उद्या हा तुमच्या ताटात आला तर? आमच्या इमारतीत पेपर प्रश्नचिन्हापर्यंत वाचत नाहीत. वाक्य संपण्याआधीच ते खरं झालेलं असतं.

मी थांबलो. हे नीट सांगितलं पाहिजे, कारण नंतर या थांबण्याचे फार अर्थ लावले गेले. मी घाबरून थांबलो नाही. मला शंका आली नव्हती. मी फक्त वाक्य जुळवत होतो. जीनवाला मासा म्हणजे काय, असं ते सुरू होणार होतं. बिनजीनचा मासा दाखव मला. जीन माशात असतात, या बदामाच्या झाडात असतात, पाटीवर बसलेल्या माशीत असतात, आणि कौस्तुभ, तुझ्यातही असतात, ते कुठून आले हे तुझ्या वडिलांना भेटलं की लगेच कळतं. हा शेवटचा भाग ठेवावा की गाळावा, यावर मी अडलो होतो. मी प्राणिशास्त्राचा पदवीधर आहे. ही गोष्ट इमारतीत सगळ्यांना माहीत आहे, कारण कुणाच्या घरात पाल निघाली की मला बोलावतात. कॉलेजात आम्ही मुशी फाडायचो. मुशी म्हणजे लहानसा शार्कच. मेणाच्या ट्रेमध्ये टाचण्यांनी ठोकून तिच्या डोक्यातल्या नसा एकेक करून उघड्या पाडायच्या, आणि मग त्यांची चित्रं काढून त्यांना नावं द्यायची. पहिल्यांदा फाडली त्या दिवशी संध्याकाळी मी घरी आईला मोठ्या अभिमानानं सांगितलं की आज मुशी कापली. आई, वैजयंताबाई, तेव्हा चुलीवर, म्हणजे स्टोव्हवर, नुसत्या वाटणाचं कालवण उकळत होती. मग आणलीस का नाही, तिनं विचारलं. मी म्हटलं, अगं, ती शास्त्रासाठी कापली. शास्त्र म्हणजे काय ते तिनं विचारलं नाही. टाकून दिली का, एवढंच विचारलं. मी हो म्हटलं. तिनं माझ्याकडे असं पाहिलं की आजही कल्ल्यात बोट घातलं की मला ते आठवतं. घरात सहा माणसं, आणि मुलगा पैसे भरून कॉलेजात जातो, आख्खी मुशी बारीक बारीक कापतो आणि फेकून देतो. परीक्षेत पाचवी नस सोडवताना ती माझ्या हातून तुटली. पास क्लास मिळाला. पुढे विम्यात लागलो, तिथे माणसं मेल्यावर त्यांचे कागद येतात, चिमटा लागत नाही.

एवढं सगळं मनातून जायला कितीसा वेळ लागतो? पण वडिलांचा भाग गाळायचा असं ठरवून मी मान वर केली, तेव्हा पाटीभोवती एकही हात नव्हता. बबनरावांचा हात पँटच्या खिशात गेला होता. बी विंगवाल्यांनी पिशव्यांच्या घड्या घातल्या होत्या. कुणी काही बोललं नव्हतं, कुणी नाक मुरडलं नव्हतं, फक्त हात मागे गेले होते. मी ते हात ओळखले. ते मी स्वतः कधी पाहिले नव्हते, पण माझ्या वडिलांनी मला करून दाखवले होते. कोंडिराम तांबे, मुक्काम खेड तालुका, नंतर गिरणीतल्या रिंग खात्यात. ते लहानपणीची गोष्ट सांगायचे, रागानं नाही, एखादी नक्कल करून दाखवावी तशी. गावातल्या दुकानदारापुढे पैसा ठेवायचा, तो त्यावर पाणी शिंपडायचा, आणि गुळाचा खडा वरून सोडायचा. बाबा तो खडा सोडणारा हात करून दाखवायचे; बोटं उघडायची आणि लगेच मनगटासकट मागे जायची, कासवाची मान आत जाते तशी. लक्षात ठेव, म्हणायचे, हात रागानं मागं जात न्हाय, सवयीनं जातो. मग धर्म बदलला, गाव सुटलं, परळ सुटलं, आणि मी ज्या इमारतीत आलो तिचं नाव 'ओशन व्ह्यू' आहे. गच्चीवर टाचा उंचावल्या तर मिठागरं दिसतात. इथे मला कुणी काही विचारलं नाही. तांबे हे आडनाव सोयीचं आहे, ऐकणारा त्यातून आपल्याला हवं ते समजून घेतो. मी निश्चिंत होतो. आणि आता रविवारच्या उजेडात, बदामाखाली, माझ्या डोळ्यांसमोर तेच मनगट मागे गेलं, या वेळी बांगड्यावरून. बांगड्याला सोयीचं आडनाव नव्हतं.

"घेता का न्हाय साहेब?" अनसूया म्हणाली. "मासा हाय त्यो, नवरी न्हाय. येवढा काय बघता?"

मी सहा बांगडे घेतले. नोट दिली. तिनं ती हातात धरली, माझ्याकडे पाहिलं, कपाळाकडे नेली नाही. तशीच कमरेच्या बटव्यात कोंबली. भवानी म्हणजे काही नोट नव्हे, भवानी म्हणजे न थांबता पुढे आलेला हात. त्यात मध्ये थांबायचं नसतं. मग मी माझं वाक्य बोललो. पूर्ण बोललो, माशीसकट. कौस्तुभनं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "तेच म्हणतोय काका. तुमच्यासारख्या माणसाला पण डाउट आला ना." बाकीचे तोवर जिन्याकडे वळले होते. त्या दिवशी माझे सहा बांगडे सोडले तर अनसूयाची पाटी दुपारी जशीच्या तशी उचलली गेली. आम्ही बांगडे खाल्ले. तिरफळ घातलेलं कालवण, मोठ्या माशाचं, चवीला मला तरी स्वर्गीय लागलं, आणि मी रागानं दोन जास्त खाल्ले. उर्मिलानं, म्हणजे माझ्या बायकोनं, सगळी हकीकत ऐकली आणि काटे बाजूला काढत म्हणाली, तुम्ही थांबलात कशाला? आधी घ्यायचा, मग बोलायचं. तुमचं आधी बोलायचं ठरतं आणि घ्यायचं राहून जातं. आपल्या लग्नाच्या वेळीही असंच झालं होतं. मी म्हटलं, तो विषय वेगळा. ती म्हणाली, विषय वेगळा असेल, माणूस तोच आहे.

सोमवारपासून मी जिन्यात स्वतःलाच भेटू लागलो. तांबेसाहेबांनी कल्ला उघडला आणि एकदम थांबले, म्हणे. तांबेसाहेबांनी आत काहीतरी पाहिलं. तिसऱ्या मजल्यावर पोचेपर्यंत मी मासा हुंगला होता, चौथ्यावर मी तो परत पाटीत टाकला होता. घोडबंदर रोडला, चेणे गावाच्या पुढे, कुणीतरी तळं खणून परदेशी मासा पाळतोय आणि रात्रीच्या टेंपोनं भाइंदरला पाठवतोय, ही बातमी बबनरावांना त्यांच्या मेव्हण्यानं दिली होती. मेव्हणा त्या रस्त्यानं एकदा लग्नाला गेला होता. बांगडा खाऱ्या पाण्यात होतो, तळ्यात होत नाही, हे मी सांगितलं. बबनराव शांतपणे म्हणाले, पूर्वी होत नव्हता, तांबेसाहेब. विज्ञानाची हीच तर पंचाईत आहे, एकदा त्यानं अशक्य ते करून दाखवलं की मग माणसं त्याच्या नावावर काहीही खपवतात.

आणि मला संताप याचा यायचा की प्रश्न खरा होता. हपिसात टेबलाशी बसून, पुढ्यात मेलेल्या माणसांचे कागद पसरून, मी त्या लेखावर खूप विचार केला. असा मासा उद्या खरोखर आला तर खाणाऱ्याला कोण सांगणार? तो समुद्रात निसटला, आपल्या लहानखुऱ्या भावांत मिसळला, तर त्याला परत कोण बोलावणार? एका माशाची अॅलर्जी असलेल्या माणसाच्या घशाशी दुसऱ्या माशातून तीच गोष्ट आली तर? वाढीचं बटण ज्याच्या मालकीचं, मासाही त्याच्याच मालकीचा का? हे प्रश्न विचारायला देशात कुणीतरी हवं होतं, आणि आमच्या इमारतीतल्या चाळीस बिऱ्हाडांनी ते ज्या पत्त्यावर पाठवले तो पत्ता होता अनसूया, बदामाच्या झाडाखाली. ज्यांनी मासा बनवला ते कुठल्यातरी बर्फाच्या देशात काचेमागे सुरक्षित होते. ज्यांना परवानगी द्यायची ते दिल्लीत होते. हातापाशी फक्त ती होती. म्हणून हात तिच्यावरून मागे गेला.

बुधवारी ती स्वतःच वर आली. आमच्या दारात उभी राहिली, आत या म्हटलं तरी येईना, हाताला वास हाय म्हणाली. सोसायटीची रविवारी मीटिंग आहे आणि तिला उठवणार आहेत, हे तिला वॉचमननं सांगितलं होतं. ही इमारत जिथे उभी आहे तिथे तिच्या सासऱ्याचं भाताचं शेत होतं. बिल्डरनं ते घेतलं तेव्हा तो तिला म्हणाला होता, मावशी, तू गेट के पास बैठ, तेरे को कोई नहीं उठाएगा. कागद वगैरे काही नव्हता. बिल्डर आता दुबईत आहे. "नळ हाय, सावली हाय, म्हनून माझा चाल्लंय," ती म्हणाली. "रस्त्यापल्याड उनात बसला तं बर्फ दोन घटकेत पानी. मंग मासा मऊ पडला का तुमीच नाकाला पदर लावनार. तुमी सांगा त्यांना साहेब. तुमचा ऐकतील." मी म्हटलं, सांगतो. मग तिला त्या लेखातला मासा समजावून सांगितला, कारण जिच्यावर आरोप आहे तिला तो कळला पाहिजे अशी माझी समजूत. तिनं सगळं ऐकलं, वाढीचं जनुक, बटण, दुप्पट वेग. तिचे डोळे चमकले. "असा मासा हाय? अर्ध्या टायमात मोठा व्हतो? मंग साहेब, कुठं मिळंल त्यो? मना एक पाटी मिळवून द्या ना." उर्मिला आत हसली. मी हसलो नाही. मी जिची बाजू मांडायला निघालो होतो ती आरोप मान्य करून वर माल मागत होती.

मीटिंग गच्चीवर झाली, प्लॅस्टिकच्या खुर्च्यांवर, टाकीच्या सावलीत. पाण्याच्या टँकरचा विषय होता, लिफ्टचा होता, आणि 'जनुकीय मासळीपासून रहिवाशांच्या आरोग्यास असलेला धोका' हा होता. ही भाषा कौस्तुभची. त्यानं ती सकाळपासून जुळवली असणार, वाक्य जुळवण्याचा आजार एकट्या मला नव्हता. तो उभा राहून फार नेमस्तपणे बोलला. बाईशी आपलं वैर नाही. मासे खाणारे आपणच आहोत. पण मुलांच्या तोंडात काय जातंय याची खात्री कोण देणार, आणि जोवर खात्री नाही तोवर सोसायटीच्या आवारात अशी विक्री नको, फाटकापाशी ती जागा मोकळी राहिलेली बरी. अशी म्हणजे कशी, असं कुणी विचारलं नाही. शुद्ध हा शब्द त्यानं तीनदा वापरला. शुद्ध मासा. मी खुर्चीचा हात घट्ट धरला. परळला आमच्या घरात हा शब्द फक्त तुपाच्या डब्यावर असायचा, आणि तूप आमच्याकडे नसायचं. पहिल्या मजल्यावरच्या हंसाबेन तेवढ्यात उभ्या राहिल्या. त्यांनी जन्मात मासा खाल्लेला नाही, त्या वासानं सकाळी खिडकी लावून घेतात, मला वाटलं आता शेवट झाला. त्या म्हणाल्या, "मने तो बधी माछली सरखी, बाबा. जीन होय के ना होय. पर बाई बिचारी बरसों से बैठती है, उसको क्यों उठाने का? मेरे को तो तकलीफ है, फिर भी मैं नहीं बोलती." ज्यांना मासा चालत नव्हता त्यांना बाई चालत होती, आणि जे मासा चोखून काटेसुद्धा चावतात ते तिला उठवत होते. मासेखाऊंनी हंसाबेनचं म्हणणं आदरपूर्वक बाजूला ठेवलं, कारण त्यांना विषयातलं काय कळणार.

मग बबनराव माझ्याकडे वळले. मी तयारीनं आलो होतो. तीन मुद्दे होते. पहिला, असा मासा आज जगातल्या कुठल्याही बाजारात विकायला आलेला नाही. दुसरा, आला तर त्याचा दोष विकणारीचा नाही, आणि प्रश्न कुणाला विचारायचे ते मी सांगतो. तिसरा मुद्दा शेताचा आणि बिल्डरच्या शब्दाचा होता, तो बोलताना माझा आवाज चढणार होता आणि मी तो चढू देणार होतो. त्याच्या मागे आणखी एक होता, चौथा, जो मी स्वतःशीही मुद्दा म्हणून मांडला नव्हता. तो मनगटाचा होता. मी उभा राहिलो. घसा साफ केला. पहिल्या मुद्द्याची सुरुवात जनुक म्हणजे काय इथून करावी की सरळ बाजारापासून, असा एक विचार मनात आला, आणि मी क्षणभर थांबलो.

"तांबेसाहेब, लांबण नको," बबनराव म्हणाले. "तुम्ही यातले जाणकार. एकच सांगा, होय की नाही. माशात जीन असतात की नसतात?"

"असतात," मी म्हटलं. "पण ते सगळ्याच—"

"झालं," बबनराव म्हणाले. "स्वतः तांबेसाहेब म्हणतायत."

हात वर झाले. हेच हात मागे गेले होते, आता वर गेले. माझे तीन मुद्दे माझ्या खिशात होते आणि मी उभाच होतो. खाली बसावं हे कुणी मला सांगितलं नाही. मी बोललो, नाही असं नाही. शेताचं बोललो, बिल्डरच्या शब्दाचं बोललो, आवाज ठरवल्यापेक्षा जास्त चढला, फाटला. बबनरावांनी विचारलं, कागद आहे का? मी म्हटलं, ज्याचं शेत गेलं त्याच्याकडे कागद कसा असेल, कागद ज्यानं घेतलं त्याच्याकडे असतो. हे बरं वाक्य होतं, एरवी मला ते जमत नाही. पण तोवर लिफ्टचा विषय सुरू झाला होता, आणि लिफ्ट म्हटलं की वरच्या मजल्यांना दुसरं काही ऐकू येत नाही. मनगटाचं मी बोललो नाही. बाबांनी तो हात करून दाखवला तेव्हा आम्ही सगळी भावंडं हसलो होतो, कारण ते नक्कल फार छान करायचे. गच्चीवर ती नक्कल करून दाखवावी असं मला तीव्रतेनं वाटलं. मी माझा हात पाहिला. तो खुर्चीच्या पाठीवर होता, आणि तो तिथून निघेना.

त्यानंतरच्या रविवारी मी दाढी न करता खाली उतरलो. बदामाखालची जागा फिनेलनं धुतली होती. अनसूया रस्त्यापलीकडे, पूनम सागर वसाहतीकडे जाणाऱ्या वळणावर, नाल्याच्या कठड्याशी बसली होती, डोक्यावर पदर, पाटीवर दुहेरी गोणपाट. आणि तिच्याभोवती गर्दी होती. मी फाटकातच उभा राहून पाहत राहिलो. बबनराव होते. बी विंग होती. बबनराव कल्ला उघडून आतला लाल रंग बघत होते, बांगडे तेवढेच मोठे होते. ठरावाची हद्द फाटकापर्यंत होती. रस्ता ओलांडला की माशातले जीन निघून जात होते. कुणाला लाज वाटत असल्याचं दिसलं नाही. मला पाहून बबनरावांनी मान हलवली, स्नेहानं, आजचा माल चांगला आहे अशा अर्थी. माझ्याकडे आठवडाभर साठवलेलं पुष्कळ होतं, आणि या वेळी मी ठरवून टाकलं होतं, आधी घ्यायचा, मग बोलायचं. मी रस्ता ओलांडला, माणसांमधून वाट काढली, आणि न थांबता पाटीत हात घातला.

अनसूयानं आपला पालथा हात माझ्या हातावर ठेवला. ओला, गार, खवल्यांचा. "ऱ्हाऊ द्या साहेब," ती म्हणाली. "भवानी झाली."

मी विचारलं कुणाची. तिनं हनुवटीनं दाखवलं. कौस्तुभ पलीकडे पिशवीचं तोंड बांधत उभा होता, मला पाहून म्हणाला, "काका, आज लवकर उठलो." तिनं सांगितलं की पोराचा हात चांगला आहे, बघा, पाटी निम्मी झाली. ती टोमणा मारत नव्हती. टोमणा असता तर मला बरं वाटलं असतं. मी म्हटलं, अनसूयाबाई, त्या दिवशी मी थांबलो ते मासा वाईट होता म्हणून नाही, आणि गच्चीवर मी तुमच्याच बाजूनं बोललो. तिनं मान डोलावली, दुसऱ्या गिऱ्हाइकाचे सुटे पैसे मोजता मोजता. "मना ठावं हाय वो," ती म्हणाली. "तुमी मानूस चांगलं. पन तुमी इचार करत ऱ्हाता आन् माझा बर्फ इतळतो. काय देऊ? बांगडा संपला. मुशी हाय."

मी मुशी घेतली. तिनं ती तिथेच, कठड्यावर, चार घावांत कापली, डोकं तोडून नाल्यात टाकलं, सगळ्या नसांसकट. घरी उर्मिलानं आईच्या पद्धतीनं, भरपूर लसूण घालून केली. मी एकही तुकडा टाकला नाही. पलीकडच्या कडेला सावली नाही, त्यामुळे अनसूया आता ऊन चढायच्या आत उठते. उरलेला माल भाइंदरच्या बाजारात मिळेल त्या भावानं देऊन टाकते. भवानी कौस्तुभच्याच हातानं होते. माझी बाकी तक्रार नाही. जनुकांच्या बाबतीत मी वर्तमानपत्राला एक पत्र पाठवलं, ते छापून आलं नाही.

दसऱ्याला कौस्तुभची मारुती आली. पांढरी आहे. झेंडूची माळ घालून त्यानं ती बदामाखाली उभी केली आणि आम्हाला पेढे दिले. ती तिथेच असते. नळ जवळ असल्यामुळे धुवायला सोयीचं पडतं.